‘स्वयंपाकी नायिका’ म्हणून हसण्यापूर्वी

मित्रहो, आजचा धागा दीर्घ आहे आणि काहीसा रागावलेलाही आहे. मागील धाग्यात आपण तेर येथील सातवाहनकालीन अवशेषांविषयी बोललो होतो. आज विषय मूकपटांचा आहे. परंतु वाट फिरून पुन्हा तेरलाच येणार आहे, हे आधीच सांगून ठेवतो.

दरवर्षी ३ मे जवळ आला की एक पोस्ट हमखास फिरू लागते. एक धूसर छायाचित्र, त्यात लुगडे नेसलेली एक व्यक्ती, आणि वर ठळक अक्षरांत मजकूर : ‘भारतीय सिनेमाची पहिली नायिका चक्क पुरुष होता! आणि तोही हॉटेलातला स्वयंपाकी!’ खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग. यंदा ती माझ्याकडे चार गटांतून आली. त्यांपैकी दोन गट इतिहासाच्या विद्यार्थ्यांचे होते. माझे भांडण आहे ते या दोन गटांशी.

पोस्टमधील माहिती खोटी नाही, हीच खरी अडचण आहे. दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ची तयारी करीत होते तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी एकही स्त्री मिळेना. कुलीन घरांचा प्रश्नच नव्हता. शरीरविक्रय करणाऱ्या स्त्रियांनीही नकार दिला. अखेर मुंबईच्या ग्रँट रोड परिसरातील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांच्याकडे फाळक्यांचे लक्ष गेले. सडपातळ बांधा, नाजूक हात. हॉटेलात महिना दहा रुपये मिळत होते, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असे सांगितले जाते. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये चित्रपट प्रदर्शित झाला. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र राजपुत्र, आणि साळुंके तारामती.

इथे पोस्ट संपते. एका माणसाची कारकीर्द जिथे सुरू होते, नेमक्या त्याच जागी आपण त्याची गोष्ट संपवतो आणि हसून पुढे जातो. भजी तळणारा माणूस लुगडे नेसून पडद्यावर आला, बस्स. पुढे त्याचे काय झाले, हा प्रश्न कुणालाही पडत नाही. इतिहासाच्या पदव्युत्तर वर्गात बसणाऱ्यांनाही पडत नाही.

पुढे काय झाले, ते ऐका. चार वर्षांनी, १९१७ साली, फाळक्यांनी ‘लंकादहन’ काढला. त्यात राम साळुंके होते आणि सीताही साळुंकेच होते. भारतीय पडद्यावरील पहिली दुहेरी भूमिका म्हणून या गोष्टीचा उल्लेख होतो. ‘पहिली’ या शब्दाविषयी पुढे बोलणारच आहे. तूर्त केवळ कामाचे स्वरूप डोळ्यांसमोर आणा. लंकेच्या आख्यानात राम आणि सीता एकमेकांपासून दूर आहेत. एक इथे शोकात, एक तिथे अशोकवनात. एकाच नटाने दोन्ही टोके सांभाळायची. आवाज नाही, पदे नाहीत, संवाद नाहीत. त्या काळच्या नाटकात स्त्रीभूमिका करणारा नट अर्धे यश गळ्याने मिळवीत असे. साळुंक्यांकडे चाल होती, खांदे होते, मान होती आणि ज्यांच्यामुळे निवड झाली ते हात होते. तेवढ्या सामग्रीवर प्रेक्षकाला विरह पटवायचा. ‘लंकादहन’ अफाट चालला. पडद्यावर राम दिसताच प्रेक्षक पायातील वहाणा काढीत, असे सांगतात. ती कथा सांगताना आपण ‘भोळे प्रेक्षक’ असे म्हणतो. ज्याच्यासाठी वहाणा निघाल्या, तो नट काही वर्षांपूर्वी उपाहारगृहात राबत होता आणि पुढच्याच प्रसंगात तोच सीता होऊन येणार होता, हे मात्र आपल्या ध्यानात येत नाही.

आणि त्याही पुढे : १९१८ साली नाशिकला ‘हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी’ उभी राहिली. तिच्या चित्रपटांच्या सूची चाळल्या की साळुंक्यांचे नाव एका वेगळ्याच रकान्यात दिसू लागते : छायालेखक. हाताने फिरवायचा कॅमेरा. दांडा फिरवण्याची गती जरा चुकली की पडद्यावरची माणसे एक तर धावू लागतात, नाही तर पाण्याखाली चालल्यासारखी होतात. आज कॅमेऱ्यात दिसते तसे काही दिसत नसे. फिल्म धुतली जाईपर्यंत आपण काय टिपले हे कळत नसे. प्रकाश सूर्याचा, त्यामुळे ढग आला की काम थांबले. हे कौशल्य साळुंक्यांनी फाळक्यांच्या कारखान्यातच आत्मसात केले असणार, कारण ते शिकण्यासाठी त्या काळी या देशात शाळा नव्हती. सूचींमध्ये त्यांच्या नावावर अभिनयापेक्षा छायालेखनाचे काम कितीतरी अधिक आहे. म्हणजे ज्या माणसाला आपण शंभर वर्षे ‘स्वयंपाकी नायिका’ म्हणून मिरवतो, तो आयुष्याचा मोठा भाग कॅमेऱ्यामागे उभा राहिलेला कारागीर होता. त्याच्या कारकिर्दीतील सर्वांत मोठा तुकडा आपण फेकून दिला आणि सर्वांत गमतीशीर तुकडा ठेवून घेतला.

आता थोडे दूर जाऊ, जर्मनीत. कारण तुलना केल्याशिवाय आपल्या आळसाचे माप कळत नाही.

१९२१ साली बर्लिनजवळच्या वोल्टर्सडोर्फ येथे जो माय या दिग्दर्शकाने आपल्या देशाचा एक अजब देखावा उभारला होता. मंदिरे, राजवाडे, घाट, सारे काही. चित्रपटाचे नाव ‘दास इंडिशे ग्राबमाल’, म्हणजे ‘भारतीय समाधी’. दोन भागांतील भव्य मूकपट. मूळ कादंबरी थेआ फॉन हार्बू या लेखिकेची. (या बाई पुढे ‘मेट्रोपोलिस’च्या लेखिका म्हणून गाजल्या, आणि त्यानंतर त्यांनी बेळगावकडच्या आयी तेंडुलकर या पत्रकाराशी गुप्तपणे विवाह केला. तो स्वतंत्र धाग्याचा विषय आहे. कृपया प्रतिसादांत त्यावरच अडकू नका.) कथेत एश्नापूर नावाच्या कल्पित संस्थानचा महाराजा आहे. तो युरोपातून वास्तुविशारद बोलावतो आणि जिवंत असलेल्या पत्नीसाठी समाधी बांधवून घेऊ पाहतो. महाराजा झाला होता कॉनराड फाइट. आणि त्याच्या आज्ञेने वाटेल ते चमत्कार करणारा, जमिनीत पुरलेल्या अवस्थेतून बाहेर आलेला योगी, रामिगणी, झाला होता बर्नहार्ड गोएट्झके.

गोएट्झके हे नाव तुम्ही ऐकले नसेल. मीही ऐकले नव्हते. तो नायक नव्हता. उंच, खोल डोळ्यांचा, गंभीर चेहऱ्याचा सहायक नट. फ्रिट्झ लांगच्या ‘डेर म्यूडे टोड’ (थकलेला मृत्यू) मध्ये तो साक्षात मृत्यू झाला. ‘डॉक्टर माबुझे’मध्ये सरकारी वकील, ‘निबेलुंगेन’मध्ये गायक-योद्धा फोल्कर. हिचकॉकच्या ‘द माउंटन ईगल’ या सुरुवातीच्या चित्रपटात दुकानदार पेटीग्रू. बोलपट आल्यावर भूमिका लहान होत गेल्या, पण काम चालू राहिले. एकूण शंभराहून अधिक चित्रपट. जगाच्या दृष्टीने विस्मृतीत गेलेला माणूस.

आता हे पाहा. या विस्मृतीत गेलेल्या माणसाचा जन्म ५ जून १८८४ रोजी डान्झिग येथे (आजचे पोलंडमधील ग्दान्स्क) झाला आणि मृत्यू ७ ऑक्टोबर १९६४ रोजी बर्लिनमध्ये. हे शोधायला मला, धाराशिवात बसून, मोबाइलवर, पाच मिनिटेही लागली नाहीत. ‘माउंटन ईगल’ची एकही प्रत आज जगात उपलब्ध नाही, तरी त्यात पेटीग्रू कोण होता हे ठाऊक आहे. चित्रपट नष्ट झाला. नटाची नोंद उरली.

अण्णा साळुंके यांची जन्मतारीख मी पाहिलेल्या एकाही मराठी लेखात नाही. मृत्यूचे साल नाही. जन्मगाव नाही. बर्लिनच्या वेशीवर खोटा योगी झालेल्या माणसाची संपूर्ण कुंडली आपल्याला मिळते आणि नाशिकच्या मातीत राम-सीता झालेल्या माणसाच्या हयातीची दोन टोकेही आपण बांधू शकलेलो नाही.

लगेच प्रतिसाद येईल : ‘जर्मन शिस्तच वेगळी, आपल्याकडे इतिहासाची जाणीवच नाही.’ हे वाक्य मला साळुंक्यांवरच्या विनोदापेक्षाही अधिक संताप आणते. जाणीव ही काही रक्तातून येणारी वस्तू नव्हे; ती यंत्रणांतून येते. जर्मनीत १८७६ पासून जन्म-मृत्यूची सक्तीची नागरी नोंद होती. रंगभूमीवरील कलावंतांची १८७१ पासून स्वतःची संघटना होती आणि तिचे वार्षिक प्रसिद्ध होत असे, ज्यात कोणत्या गावच्या नाट्यगृहात कोण नट आहे हे छापले जाई. १९२० नंतर प्रत्येक चित्रपटाचे सेन्सॉरपत्र तयार होई. मूकपटातील पट्ट्यांवरचा मजकूर त्यात जसाच्या तसा उतरवलेला असे, आणि आज हरवलेले चित्रपट जुळवताना संशोधक तीच पत्रे वापरतात. शिवाय रोजची चित्रपटविषयक वृत्तपत्रे. अशा जाळ्यात गोएट्झकेसारखा नट अडकल्यावाचून राहणेच अशक्य.

आणि या शिस्तीची आरती ओवाळणाऱ्यांसाठी दुसरी बाजूही. १९३३ नंतर नाझी सत्तेने याच नोंदवह्या उघडून कोणाचे आजी-आजोबा ज्यू होते हे शोधले. चित्रपटात काम करायचे तर राइश फिल्म चेंबरचे सदस्यत्व हवे, आणि सदस्यत्वासाठी वंशाचा दाखला. ‘भारतीय समाधी’ काढणारा जो माय ज्यू होता; त्याला देश सोडावा लागला. महाराजा झालेल्या फाइटची पत्नी ज्यू होती. तोही इंग्लंडला गेला आणि तेथून हॉलिवूडला. ‘कॅसाब्लांका’तील तो थंड नजरेचा नाझी मेजर म्हणजे हाच निर्वासित फाइट. गोएट्झके मागे राहिला आणि कामे करीत राहिला. म्हणून मी जर्मनांसारखे व्हा असे म्हणत नाही. नोंद ही निरागस वस्तू नाही, कोण ठेवतो आणि कशासाठी ठेवतो यावर सारे अवलंबून असते, एवढेच म्हणतो.

मग आपल्याकडे कोण काय ठेवीत होते? सेन्सॉर बोर्ड मुंबईतही १९२० सालीच आले. पण परक्या सरकारचे लक्ष पडद्यावर राजद्रोह दिसतो का, गोऱ्यांची अप्रतिष्ठा होते का याकडे; सीता झालेल्या माणसाचे गाव कोणते, याच्याशी त्याला काय देणेघेणे? चित्रपट कंपन्यांचे लक्ष पुढच्या खेळाच्या गल्ल्याकडे. नायट्रेटच्या फिल्ममध्ये चांदी असते. जुन्या फिल्म धुऊन चांदी काढून घेणे हा चालता धंदा होता. हजाराहून अधिक मूकपट या देशात तयार झाले, आणि आज त्यांतले मूठभर, तेही बहुतांशी तुकड्यांच्या रूपात शिल्लक आहेत. जे उरले, त्यात पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा आणि विशेषतः पी. के. नायर यांच्या चिकाटीचा मोठा वाटा आहे. पण हे संग्रहालय स्थापन झाले १९६४ साली. म्हणजे ज्या वर्षी बर्लिनमध्ये गोएट्झके मेला, त्या वर्षी आपण सुरुवात केली.

तरी ‘परकी राजवट’ ही सबब मी अर्धीच मान्य करतो. १९४७ नंतर राजवट कोणाची होती? पहिल्या मूकपटांत काम केलेली माणसे तेव्हा जिवंत होती. ‘राजा हरिश्चंद्र’नंतर काही महिन्यांतच आलेल्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची किशोरवयीन कन्या कमलाबाई मोहिनी. या कमलाबाई गोखले दीर्घायुषी होत्या. नव्वदच्या दशकाच्या आरंभी रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपट केला. म्हातारी बाई कॅमेऱ्यासमोर बसून स्वतःच्या तोंडाने स्वतःचे आयुष्य सांगते, तेही बिनधास्त. म्हणून कमलाबाई आज आपल्याला माणूस म्हणून ठाऊक आहेत, केवळ ‘पहिल्या अभिनेत्रींपैकी एक’ म्हणून नव्हे. कुणीतरी जाऊन विचारले, इतकाच फरक आहे. साळुंक्यांना विचारायला कुणी गेले नाही.

का गेले नाही? इथे मला जे दिसते ते सांगतो. पटले नाही तर वाद घाला. ज्या १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ आला, त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वही स्त्रीभूमिकाच करीत. त्यांचे शालू, त्यांची अत्तरे, त्यांचे कर्ज, त्यांचे वार्धक्य, यांतील काय लिहायचे राहिले आहे? पुस्तके झाली, नाट्यगृहाला नाव मिळाले, चित्रपट निघाला. आणि ते योग्यच झाले. पण एका स्त्रीवेषधारी नटावर एवढे लिहिणारा महाराष्ट्र दुसऱ्या स्त्रीवेषधारी नटाची जन्मतारीखही विचारीत नाही, तेव्हा ‘त्या काळी हे सगळे नवे होते, कुणाला सुचले नाही’ हे उत्तर टिकत नाही. सुचत होते, कोणासाठी सुचायचे ते ठरलेले होते. गंधर्वांच्या मागे संगीत होते, राजाश्रय होता, लिहिणाऱ्या-वाचणाऱ्या मध्यमवर्गाचे वेड होते. साळुंक्यांच्या मागे ग्रँट रोडची चूल होती. आणि सिनेमा हे तेव्हा प्रतिष्ठेचे ठिकाण नव्हतेच. ‘कुठे काम करतोस’ असे विचारले तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत, असे सांगा, ही फाळक्यांची आपल्या माणसांना सूचना होती. फॅक्टरीतल्या कामगाराचे चरित्र कोण लिहितो?

परेश मोकाशी यांच्या २००९ च्या चित्रपटाने ती फॅक्टरी आमच्या पिढीला दाखवली, त्याबद्दल मी कृतज्ञ आहे. तो विनोदी चित्रपट होता आणि विनोद करण्याचा त्याला अधिकार होता. आपण मात्र विनोद उचलला आणि तोच इतिहास समजून पुढे पाठवू लागलो. तो दोष मोकाशींचा नाही.

दुसरा दोष ‘पहिले’पणाच्या रोगाचा. आपल्या या छोट्या इतिहासप्रेमी जगात सर्वाधिक पुढे पाठवली जाणारी गोष्ट म्हणजे ‘पहिला’. पहिली नायिका, पहिली दुहेरी भूमिका, पहिला बोलपट, पहिले चुंबन. ‘पहिला कोण’ याचे उत्तर मिळाले की माणूस शिक्का मारून कपाटात जातो. गंमत पाहा : फाळक्यांविषयीच्या मराठी पोस्टींत ‘जर्मन जादूगार कार्ल हर्ट्झ’ सर्रास येतो. हा हर्ट्झ अमेरिकन होता, सॅन फ्रान्सिस्कोचा. त्याच्या आडनावावरून आपण त्याला परस्पर जर्मन करून टाकला. फाळक्यांचा खरा जर्मन संबंध होता तो छपाईतला : लोणावळ्याजवळील रविवर्मा छापखान्याचा ताबा पुढे ज्याच्याकडे गेला तो फ्रिट्झ श्लायशर जर्मन, आणि १९०९ च्या सुमारास रंगीत छपाईसाठी फाळके स्वतः जर्मनीला गेले होते. पण छपाईच्या यंत्रात चमत्कार नाही, जादूगारात आहे. म्हणून जादूगार फिरतो.

कारागीर टिकून राहण्यासाठी काय लागते, याचे उदाहरण महाराष्ट्रातच आहे आणि योगायोगाने तेही जर्मन आहे. म्युनिकचा जोसेफ विर्शिंग १९२५ च्या ‘लाइट ऑफ एशिया’साठी प्रथम भारतात आला, १९३४ नंतर मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये छायालेखक झाला, ‘अछूत कन्या’ त्याने टिपली, महायुद्ध सुरू होताच शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून स्थानबद्ध झाला, सुटून पुन्हा कॅमेऱ्यामागे उभा राहिला, ‘महल’ केला, आणि ‘पाकीजा’ अपुरा असताना १९६७ साली इथेच वारला. त्याने काढलेली स्थिरचित्रे कुटुंबाने जपली. त्या पेट्यांतून अलीकडे प्रदर्शने झाली, अभ्यास झाला, बॉम्बे टॉकीजचा इतिहास नव्याने लिहिला जाऊ लागला. एका छायालेखकाच्या घरी पेटी राहिली, दुसऱ्याच्या घराचा पत्ता आपल्याकडे नाही.

मग उरलेय तरी काय? ‘राजा हरिश्चंद्र’ची काही रिळे उरली आहेत. ती १९१३ ची आहेत की फाळक्यांनीच १९१७ साली पुन्हा केलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत वाद आहे आणि १९१७ च्या बाजूला बरेच वजन आहे. त्यातील जलक्रीडेचा प्रसंग आंतरजालावर कुणालाही पाहता येतो. तारामती आणि सख्या, सारे पुरुष, ओलेत्या लुगड्यांत. यावरही हसणारे प्रतिसाद असतात. एकदा आवाज बंद करून (मागाहून जोडलेले संगीत फार दिशाभूल करते) केवळ तारामतीकडे पाहा. भोवतालचे नट हुल्लड करीत आहेत, पाणी उडवीत आहेत, त्यांतल्या काहींना आपण पुरुष आहोत हे लपवण्याची फिकीरही नाही. तारामती मात्र राजा येताच अंग सावरते. त्या सावरण्यात स्त्रीवेषाची नक्कल नाही. मी तो तुकडा किमान वीस वेळा पाहिला आहे आणि दर वेळी माझे मत अधिक पक्के होत गेले आहे की त्या हौदात कॅमेरा कुठे आहे याचे भान असलेली ती एकच व्यक्ती आहे. पुढे तीच व्यक्ती कॅमेऱ्यामागे गेली, यात मला आश्चर्य वाटत नाही.

आता तेर. रामलिंगप्पा लामतुरे हे काही पुरातत्त्वज्ञ नव्हते. पण तेरच्या पांढरीत, शेतांत, पावसानंतर उघड्या पडणाऱ्या वस्तू त्यांनी वर्षानुवर्षे गोळा केल्या. मणी, मृण्मूर्ती, नाणी. ज्यांना इतर लोक खापरे म्हणत, त्यांना त्यांनी जागा दिली. आज तेरचे शासकीय वस्तुसंग्रहालय त्यांच्याच नावाने ओळखले जाते. तेरच्या त्या हस्तिदंती स्त्रीप्रतिमेची तुलना पॉम्पेईत सापडलेल्या प्रतिमेशी जगभरचे विद्वान करतात. दोन हजार वर्षांपूर्वीच्या तगर नगरातील अनाम कारागिराने कोरलेल्या स्त्रीच्या केशरचनेवर आपण शोधनिबंध लिहू शकतो. शंभर वर्षांपूर्वी नाशिकला पगार घेणाऱ्या माणसाचे पूर्ण नाव लिहू शकत नाही. आणि आपल्या जिल्ह्याला याहून चांगले जमते, हे आपणच दाखवून दिलेले आहे.

‘पुरावे कुठे आहेत’ असे विचारणाऱ्या अभ्यासू मित्रांसाठी : नाशिक नगरपालिकेची जुनी जन्म-मृत्यू नोंदणी. शाळांची दाखल-खारीज रजिस्टरे. नाशिक आणि त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यांच्या नामावळ्या, ज्यांत पिढ्यान्‌पिढ्यांच्या सह्या आणि गावे असतात. १९१३ ते १९३१ च्या मराठी वृत्तपत्रांतील चित्रपटांच्या जाहिराती, ज्या आपण अग्रलेख शोधताना उलटून टाकतो. १९२७-२८ च्या सिनेमॅटोग्राफ समितीपुढील साक्षींचे खंड, ज्यात फाळक्यांचीही साक्ष आहे. जुन्या रावसाहेबांच्या बखरी तपासण्यासाठी आपण जेवढे कष्ट घेतो त्याच्या दशांश कष्टांत यातील बरेच चाळून होईल. साळुंके सापडतीलच असे नाही. पण न शोधता हसणे थांबेल.

नाशिक लांब आहे, हे मला मान्य. म्हणून गेल्या महिन्यात मी जवळच गेलो. आमच्या तालुक्याच्या गावची टॉकीज बंद पडून आता तिथे मंगल कार्यालय झाले आहे. तिथले जुने ऑपरेटर काका ऐंशीच्या पुढे आहेत. लहानपणी ते येरमाळ्याच्या चैत्री यात्रेत तंबूतल्या सिनेमाच्या मालकाबरोबर फिरले, मग टॉकीजला लागले. कार्बनच्या कांड्या जळत जातात तसा प्रकाश पिवळा पडतो, मग त्या किती पुढे सरकवायच्या, हे त्यांनी मला हवेत हात धरून दाखवले. सिनेमाची पेटी एस.टी.च्या टपावरून यायची. उशीर झाला की पब्लिकला जाहिरातीच्या काचा दाखवून थोपवून धरायचे. कोणत्या वर्षी कोणता सिनेमा किती आठवडे चालला, हे त्यांना तोंडपाठ. मी तासभर नटांविषयीच विचारीत राहिलो. अखेर काका म्हणाले, “पोरा, नटांचं सगळं इचारलंस. माझं नाव काय, ते नाही इचारलंस अजून.”

मी वही उघडून बसलो होतो आणि पहिल्या पानावर टॉकीजचे नाव, इमारतीचे वर्ष, खुर्च्यांची संख्या एवढेच लिहिले होते. वर चार परिच्छेद ज्यांना झोडपले, त्यांत मीही आहे.

काकांचे नाव, जन्मगाव आणि जन्मतारीख आता वहीत आहे. तारीख शाळेच्या दाखल्यावरची आहे. खरी वेगळी असणार, असे तेच म्हणाले, कारण गुरुजींनी अंदाजाने टाकली होती. आई सांगायची की पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचा जन्म. दोन्ही लिहून घेतले आहे. तंबूच्या मालकाचा नातू परांड्याकडे असतो असे कळले. रविवारी तिकडे जातो आहे. कुणाला यायचे असेल तर येथेच कळवा, एस.टी. सकाळी सातची आहे.